पाळायला

नांदूरशिंगोट्याच्या बाजारात
शुक्रवारी पहाटे पाचला मी टेबल मांडतो.
पावतीपुस्तक, कार्बन, शाईचा पॅड,
आणि कागद उडू नयेत म्हणून पाच किलोचं जुनं माप,
जे आता दुसरं काहीच तोलत नाही.

पावतीवरचा शेवटचा रकाना असा:
जनावर कशासाठी? पाळायला / कापायला.
नको ते खोडावे.

लहानू कोळपे दर वेळी टेबलावर वाकतो,
"पाळायला लिहा, भाऊसाहेब."
घेणारा शेजारीच उभा असतो, वडाळा नाक्याचा इद्रिसभाई,
ज्याच्या घरी पाळलेलं म्हणाल तर एक मांजर.
तो हसत नाही.
रस्त्यापलीकडच्या चहाच्या गाडीकडे तोंड वळवतो,
सौद्यात एवढी सूट आधीच धरलेली असावी तसा.
मी 'कापायला' खोडतो.

बावीस वर्षं खोडतोय.
लहानूचं ऐकून झुंबराबाई तसंच म्हणू लागली,
मग तिचे दीर, मग संगमनेरकडून येणारे वाडे.

बाकी सगळं बदललं.
आधी उपरण्याखाली हात जायचे,
बोटं बोटांना भाव सांगायची,
बघणाऱ्याला नुसतं कापड हललेलं दिसायचं.
आता पिंजऱ्याचा काटा आहे, लाल आकड्यांचा;
मेंढरू आत जातं, किलो होऊन बाहेर येतं.
लोकर तर हिशेबातूनच गेली.
कातरणारा डोईमागे पैसे मागतो, घ्यायला कुणी नाही,
सनगरांची पोरं सिन्नरच्या कंपन्यांत पाळीवर जातात
आणि काळे पुंजके बाभळीच्या काट्यांना
लागून राहतात, उन्हात विटकरी होत.
पोपटनाकाच्या उंच माडग्याळ मेंढीपाशी
लोक नव्या गाडीपाशी उभं राहावं तसे फोटो काढतात.
आमची दख्खनी बुटकी, ढेकळांच्या रंगाची,
दुष्काळाला पुरून उरलेली,
काट्यावर हलकी भरते.

आखाडात भाव चढतो. श्रावण लागला
की मी डुलक्या घेतो.
ईदेआधी मालेगावच्या गाड्या रात्रीच येऊन थांबतात.
ओझरहून मेंढ्या विमानानं आखातात जातात म्हणे.
लहानूनं विचारलं होतं, "तिकडं चरायला काय असतं?"
टेबलाभोवती तेव्हा आठ-दहा माणसं होती.

गेल्या फाल्गुनात जिल्ह्याहून साहेब आले,
पोरगेलेसे, बुटांना लेंड्या लागू नयेत म्हणून जपून चालणारे.
लॅपटॉपवर आलेख दाखवला.
म्हणाले, मटणाची मागणी सगळीकडे चढतेय,
गंगापूर रोडला तर परदेशातून गोठवून आणलेल्या चापा खपतात,
आणि तुमच्या बाजारातून बावीस वर्षांत
कापायला गेलेली मेंढरं फक्त एकतीस?
मी म्हणालो, "इकडची माणसं जीव लावतात, साहेब."
त्यांनी ते टिपून घेतलं.

यंदा मशीन आलं. हातात मावेल एवढं,
जिभेसारखी पावती काढतं.
नग, किलो, रक्कम.
कशासाठी, हे विचारतच नाही.

परवा लहानू सात नग घेऊन आला.
दोनशे चौतीस किलो. त्यात एक कान फाटलेली,
पिंजऱ्यातून निघाली ती सरळ त्याच्या धोतरापाशी जाऊन उभी राहिली.
तो वाकला. "पाळायला लिहा."
माझा अंगठा काचेवर.
इद्रिसभाईनं चहाच्या गाडीकडे तोंड वळवलं.
गाडी त्या दिवशी आलेली नव्हती.

"लिहिलं," मी म्हणालो.

रविवारी जावई येणार होते.
वडाळा नाक्यावर रांगेत माझा नंबर लागला तेव्हा
इद्रिसभाईनं विचारलं, "मांडी की चाप?"
दोन्ही थोडं थोडं द्या, म्हटलं.
त्यानं चरबी काढून नीट तोललं, वर एक तुकडा टाकला.
पावती त्यानं दिली नाही.
मीही मागितली नाही.